नीरज उभाच होता

हे मी आजवर कोणालाही सांगितलेलं नव्हतं. काल बहिणीला सांगायला घेतलं, तर 'ताई, मी तुझ्याशी खोटं बोललो' हा मेसेज गेला आमच्या टेक्सासमधल्या प्लेनोच्या मराठी मंडळींच्या ग्रुपवर. दोघांनी हात जोडले, एका काकूंनी विचारलं, पॉटलकचं जेवण कॅन्सल का? मी तो डिलीट केला नाही. वाचू देत. त्या दिवशी टाळ्या वाजवायला हीच मंडळी होती.

ताई सिंगापूरला असते. तिथे मुलगा अठराचा झाला की दोन वर्षं सैन्यात — मनात असो वा नसो. तिचा नीरज गेला तेव्हा इथे मी मिरवलो. मी कोण? एनसीसीच्या दुसऱ्याच परेडला पाय मुरगळल्याचं सोंग करून घरी आलेला माणूस!

छावणीतून त्याने एकदा फोन केला. आईला नाही — मला. "मामा, माझे हात थरथरतात. कोणी ओरडलं की डोकं बंदच होतं. आय कान्ट डू धिस. आईला सांग ना."

मी म्हणालो, मर्द होऊन ये. आणि ताईला कळवलं — मजेत आहे. का? मला चारचौघांत सांगायला एक जवान भाचा हवा होता, दुसरं काय?

सैन्यातून सुटल्यावर तो इथे कॉलेजला आला. आमच्याकडे गणपतीचं जेवण, घर भरलेलं. त्याच्या हातात श्रीखंडाची वाटी. मी मागून, गंमत म्हणून, ओरडलो — "अटेन्शन!"

वाटी पडली. तो ताठ. हशा, टाळ्या. मी पुऱ्या आणायला आत गेलो. परत आलो तरी तो तसाच — नजर भिंतीवर, पायावर श्रीखंड. तेव्हा मला तो फोन आठवला. आठवला, आणि तरी मी पाहुण्यांना म्हणालो, बघा, याला म्हणतात शिस्त!

शेवटी बायकोने त्याला दंडाला धरून बसवलं. आता तो आमच्याकडे येत नाही.

सैन्यात पोरं सुधारतात, हे मला ऐकवायला कोणी येऊ नका. तसंच, तुझा हेतू वाईट नव्हता, हेही नको. खोटं मी बोललो. ओरडलो मी.

आज ताईला फोन करून सगळं सांगितलं. तिने ऐकलं, आणि फोन ठेवून दिला. बायको समोर मटार सोलत होती. मान वर न करता म्हणाली, "त्या दिवशी मी त्याला बस म्हटलं ना, तेव्हा त्याने मला हळूच विचारलं होतं — बसू? मामाला विचारलंस का, मामी?"