आराखड्यातली बाग

समोरच्या मोकळ्या प्लॉटवर आज सकाळी शेजारचे नाना तुळशीचं रोप उपटताना दिसले. प्लॉट त्यांचाच, पण शहराच्या आराखड्यात तो हिरवा रंगवलाय, बागेसाठी आरक्षित म्हणून. त्यामुळे घराला परवानगी कधी मिळाली नाही आणि बागही कुणी केली नाही. एखादं झाड वाढलं तर पालिकेचे साहेब म्हणतील, बाग झालीच की! या भीतीने नाना उगवेल ते उपटतात. मालकीतला एवढाच हक्क त्यांच्याकडे उरलाय, काही उगवू न देण्याचा.

त्यांच्या बायकोला दारात तुळस हवी होती. "आधी घर होऊ दे," नाना म्हणायचे. ती गेल्या वर्षी गेली.

"नाना, तुळससुद्धा?" मी विचारलं.

मुळांची माती झटकत ते म्हणाले, "हिरवीच ना तीपण!"