खबर पोचेपर्यंत

बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला असताना मी एक जग तयार केलं होतं. दोनशे पानी वही, निळी शाई आणि स्वतःबद्दल नको तेवढा आदर, एवढ्या भांडवलावर. त्या जगात सात खोरी होती आणि प्रत्येक खोऱ्याचा काळ वेगळा. माझा सिद्धांत असा, की लांबी, रुंदी, उंची या तीन मिती सगळ्यांना ठाऊक असतात. चौथी मिती म्हणजे खबर. एखादी गोष्ट पुढच्या खोऱ्यात घडते ती खबऱ्या घाट ओलांडून पोचला की मगच. तोवर तिथं ती घडलेलीच नसते. सातव्या खोऱ्यात एक मेलेला राजा शंभर वर्षं राज्य करत होता, कारण वाटेतला पूल पडला होता. मी समीकरणंसुद्धा मांडली होती. कॉलेजात ती वही दाखवायची छाती नव्हती, म्हणून घरी वहिनीला वाचून दाखवायचो.

आमचं घर दिग्गीच्या बाजूला, रानात. फोन लागायचा तो वरच्या माळावर, एका हिरड्याच्या झाडाखाली. अर्ध्या तासाची चढण आणि पावसाळ्यात पायाला जळवा. वहिनी खानापूरकडची, आईविना वाढलेली, बापाची एकुलती एक लेक. भाकरी थापता थापता ती माझा सिद्धांत मन लावून ऐकायची.

"आणि भावजी, त्यो खबऱ्या? त्येला तर दोन्हीकडचं ठावं. त्येच्या लेखी राजा मेलाय का जित्ता हाय?"

"तो सिद्धांतात येत नाही," मी म्हणालो.

"मग अर्धवट हाय तुमचं," म्हणून तिनं भाकरी उलटली. मला तिचा राग आला होता. शिकलेल्या माणसाला चुलीपुढून चूक दाखवलेली सोसत नाही.

परीक्षा देऊन मी घरी बसलो होतो, तेव्हा भाताची लावणी सुरू झाली. रोज सकाळी माळावर जाऊन यायचं, एवढंच माझं काम. तेही मी आपल्या निकालासाठी करायचो. वहिनीच्या बापाकडं आमच्या घरचा माझा एकट्याचाच नंबर होता. एका सकाळी त्याचा फोन आला.

"पावनं, पोरीला लावून द्या. छातीत लई दुखालंय. म्हणावं, बा वाट बघालाय."

"पाठवतो," मी म्हणालो.

खाली आलो तर वहिनी गुडघाभर चिखलात वाकलेली. तिच्या हाताला गावात तोड नव्हती. मजुरीच्या बायका अर्ध्यावर असायच्या तेव्हा तिची ओळ संपलेली असायची. ती गेली असती तर तिच्या जागी मला उतरावं लागलं असतं. पदवीधराचे पाय भिजत नाहीत म्हणून आई आधीच धुसफुसत होती.

"काय खबर, भावजी?" वहिनीनं वर न बघताच विचारलं.

"काय न्हाई."

जीभ जरासुद्धा अडखळली नाही. पडवीत बसून मी वही उघडली आणि स्वतःला पटवलं, की माझ्या नियमानं आमच्या खोऱ्यात म्हातारा ठणठणीत आहे.

तिसऱ्या दिवशी त्याच्या शेजाऱ्याचा फोन आला. म्हातारा सकाळी गेला होता. "लेकीसाठी थांबायचं काय?" त्यानं विचारलं. मी म्हणालो, "ओढा भरलाय, रस्ता बंद आहे, थांबू नका." ओढ्याला त्या दिवशी घोटाभर पाणी होतं.

हे मात्र मी आईच्या कानावर घातलं. पहिल्या फोनचं तिलाही सांगितलं नाही. आई हिशेबी बाई. "सुतक ऐकल्यापास्नं धरायचं," ती म्हणाली. "आज सांगितलं तर तीन दिस बसंल. काडून ठेवलेली रोपं कुजतील. लावणी हू दे." दादानं, वहिनीच्या नवऱ्यानं, ऐकलं आणि टिलरचा दांडा पुसत बसला. मी वर्षभर खपून जे शास्त्र शोधलं, ते आईला तोंडपाठ होतं.

पुढचे दोन दिवस वहिनी लावणी करत होती. बायकांना सांगत होती, की हे संपलं की माहेरी जाणार, बापाला पित्ताचा त्रास आहे, त्याच्यासाठी भिरंडाची म्हणजे कोकमाची सोलं वाळवून ठेवलीत. मी तिच्या हातचं दोन्ही वेळ जेवत होतो. चांगली भूक लागायची.

शेवटची पेंढी लागली, तेव्हा आईनं तिला सांगितलं, "आत्ताच फोन आला." वहिनी अंगावरच्या लुगड्यानिशी विहिरीवर जाऊन न्हाली आणि तीन दिवस कोपऱ्यात बसली. मग माहेरी गेली, तिथं तिला खरा दिवस कळला. परत आली ती बापाचा बटणांचा फोन घेऊन. आईशी ती पुढं वर्षभर एक अक्षर बोलली नाही. माझ्याशी बोलायची. मला आईनं गप्प बसवलं असणार, असं तिनं धरून ठेवलं होतं.

एका दुपारी पायरीवर माझ्याशेजारी येऊन बसली.

"भावजी, बानं तुमाला फोन केल्ता. ह्यात तुमचा नंबर हाय. काय म्हणला?"

तिला एवढंच हवं होतं, की जाताना बापाला तिची आठवण झाली होती का.

"लागला होता," मी म्हणालो, "पण आवाज आला नाही."

"नेटवर्कच तसलं मेलं." तिनं फोन पदराच्या गाठीत बांधला. "मला वाटलं, बोलीवलं काय की." मग आत जाऊन सोलांची पुडी घेऊन आली. "घ्या. तुमाला बी पित्त हाय. माज्यापायी रोज माळ चढत हुतासा."

आता आमच्याकडं टॉवर आलाय आणि मी कॉलेजात फिजिक्स शिकवतो. वहिनी दर रविवारी फोन करून जेवलासा काय विचारते. तिच्या खोऱ्यात तिच्या बापानं तिला अजून बोलावलेलं नाही.

ती सोलं मी वर्षभर पुरवून खाल्ली.