चारशे अठरा नंबरचा सांगाडा

साल २०२३. मला एकाहत्तर पूर्ण झाली होती. शिक्षण पाचवी नापास. पण सातपूरला एमआयडीसीत छत्तीस वर्षं टर्नर-फिटर म्हणून काढली, आणि इंजिनियर लोक हातात ड्रॉइंग घेऊन माझ्या मशीनपाशी येऊन उभे राहायचे. हे आधीच सांगून ठेवतो, म्हणजे म्हातारा भ्रमिष्ट झालाय असं कोणी कमेंटमध्ये लिहू नये.

दुसरं. आम्ही बौद्ध. बावीस प्रतिज्ञा घेतलेलं घर आहे. भूत, करणी, लिंबू-मिरची... यातलं काही आमच्या उंबऱ्याच्या आत आलेलं नाही. कॉलनीत कुणाच्या अंगात आलं की मी मुद्दाम खुर्ची टाकून समोर जाऊन बसायचो. दोन जणींचं तर माझ्याकडे बघूनच उतरलं. या ग्रुपवर तुम्ही लोक भुताखेतांचे जे अनुभव लिहिता ते वाचून मी हसायचो. आता माझी पाळी आली. एका बोटाने टाईप करतोय, तेव्हा चुका पोटात घाला.

घर आमचं सातपूर कॉलनीत. खाली मी आणि माझी बायको शांता. वर एकच खोली, ती माझ्या मुलीची, करुणाची. करुणा तेव्हा चौतीस. तिचा धंदा लोकांना समजावून सांगायला मला स्वतःला चार वर्षं लागली. ती बाहुल्यांचे पिक्चर काढते. टेबलावर फूटभर उंचीचा बाहुला उभा करायचा, केसभर हलवायचा, फोटो काढायचा. परत केसभर, परत फोटो. असे बारा फोटो झाले की पिक्चरचा एक सेकंद. दिवसभर राबून तीन सेकंद झाले तर पोरगी खूश होऊन खाली जेवायला येणार.

अकरा वर्षं तिने हेच केलं. आधी मुंबईला जाहिरातवाल्यांकडे होती, दुसऱ्याच्या बाहुल्या हलवायची. मग एक दिवस म्हणाली, "पप्पा, मला माझं स्वतःचं करायचंय," आणि बॅग घेऊन घरी आली. पोटापाण्याला रविवारी गंगापूर रोडला मुलांना मातीकाम शिकवायची, कधी एखाद्या बेदाणेवाल्याची जाहिरात. बाकी सगळा वेळ त्या खोलीत. कोणी विचारलं पोरगी काय करते, की शांता म्हणायची, "तिच्या वर्गातल्या पोरींच्या पोरी बाहुल्या खेळतात. आमची स्वतःच खेळते." वरून टोमणा, पण डबा वेळेवर जिना चढायचा.

तर त्या वर्षी करुणाने नऊ मिनिटांचा पिक्चर काढायला घेतला. बाहेरदेशी एका मोठ्या स्पर्धेला पाठवायचा होता. पुण्याच्या एका गेमवाल्या कंपनीचं नोकरीचं पत्र आलेलं होतं, ते तिने फ्रिजवर चुंबकाने लावून ठेवलं. म्हणाली, "हा पिक्चर वेळेत पोचला नाही तर मी पुण्याला जाते. बाहुल्या माळ्यावर. परत विषय नाही." माझीच पोरगी. बोलली की बोलली.

पिक्चरची गोष्ट साधी. एक म्हातारा टर्नर रिटायर होतो, घरातच लेथ मशीन टाकतो, जन्मभर राहून गेलेली एक वस्तू करत बसतो. वस्तू पुरी होते, आणि तो मशीनशेजारी खुर्चीत बसतो तो बसतोच. बाहुल्याचं तोंड तिने मातीत घडवून मला दाखवलं. मी बघत राहिलो. माझंच तोंड! मिशा ब्रशच्या केसांच्या, डाव्या भुवईवरचा, लेथवरून लोखंडाची चीप उडून लागल्याचा व्रणसुद्धा सोडला नव्हता.

"मला विचारलंस का?" मी म्हटलं.

"विचारलं असतं तर दाढी करून बसला असतात समोर," ती म्हणाली.

आतला सांगाडा मी केला. आधी ती तारेवर भागवायची, पण तार चार दिवसांनी कोपरात तुटते. मी म्हटलं, बाजूला हो. बेअरिंगचे छर्रे घेतले, पितळेच्या पट्ट्या, बारीक स्क्रू. एका दोस्ताच्या वर्कशॉपमध्ये दोन महिने बसलो. सव्वीस जॉइंट. हलवाल तिथे हलणार, सोडाल तिथे थांबणार. धातू कापल्यावर कडेला जी बारीक बोचरी धार राहते तिला आम्ही बर म्हणतो. माझ्या कामात बर राहत नाही. आंधळ्याच्या हातात द्या, विचारा.

आणि शेवटी मी एक गोष्ट केली. आमच्या कंपनीत नियम होता, ज्याने जो जॉब, म्हणजे सुटा भाग, घडवला त्याने आपला टोकन नंबर त्यावर ठोकायचा. पुढे जॉब फेल गेला तर नंबरवरून माणूस शोधून काढायचे. माझा नंबर ४१८. रिटायर होताना आकडे ठोकायचे पंच मी घरी आणले होते. बाहुल्याच्या कमरेत पितळेचा ठोकळा आहे, सगळा सांगाडा त्यातून निघतो. त्यावर मी तीन ठोके मारले. चार, एक, आठ.

करुणा हसली. "पप्पा, कपड्यांच्या आत कोणाला दिसणार?"

"ज्याला बघायचंय तो बघेल," मी म्हटलं.

हे वाक्य मी बोललो. मीच.

शूटिंग दिवसा चालायचं, पण त्या खोलीत दिवस कळायचा नाही. खिडक्यांना काळा कागद, कारण उन्हाची तिरीप हलली की फोटो बिघडतो. रस्त्याने ट्रक गेला तरी थांबावं लागायचं. बाहुला उभा राहावा म्हणून त्याचे पाय टेबलाला खालून स्क्रूने आवळतात. ते काम माझं. मी आवळायचो, मग दाराजवळच्या लोखंडी स्टुलावर जाऊन बसायचो. शिवायचं नाही, शिंकायचं नाही.

एका दुपारी तिने दिवसभराचे फोटो कॉम्प्युटरवर जोडून चालवून बघितले. बाहुला दारापासून लेथपर्यंत चालत येतो. मध्येच त्याचा डावा गुडघा लचकला. सावरला, पुढे चालला.

"पप्पा, तुमचा गुडघा ढिला आहे."

"माझा?"

"बाहुल्याचा हो."

माझा जॉइंट ढिला! मी तिथल्या तिथे उघडून बघितला. घट्ट. म्हटलं, तूच हलवला असशील. तिने वही पुढे केली. कुठल्या फोटोला काय हलवलं ते सगळं ती लिहून ठेवते. गुडघा लचकला त्या चार फोटोंना डाव्या गुडघ्याला हातच लावलेला नव्हता. तिने ते फोटो पुसले, परत काढले.

दुसऱ्या दिवशी सकाळी दूध आणायला निघालो. सपाट रस्ता, पायात बूट. डावा गुडघा लचकला. सावरला. तसाच.

मी स्वतःला म्हटलं, वय झालं, शिवाय पोरीने काल गुडघा-गुडघा केलं ते डोक्यात बसलं. संपला विषय.

आठेक दिवस गेले. बाहुल्याच्या उजव्या हातात करुणाने टाचणीएवढी मोजपट्टी दिली होती. चालवून बघितलं तर फोटोत बोटं उघडली आणि पट्टी खाली पडली. आम्ही दोघांनी टेबलाकडे बघितलं. बाहुला उभा, पट्टी हातात. पडलेलीच नाही. पडल्याचा फोटो मात्र आहे.

"सॉफ्टवेअर गंडलंय," करुणा म्हणाली. पण आवाज बारीक झाला होता. ते फोटोही तिने पुसले.

दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या उजव्या हातातून चहाचा ग्लास सुटला. निसटला नाही... बोटं उघडली. मी बघतोय, आणि बोटं उघडतायत.

"हात आहे का चाळणी?" शांता ओरडली. मी खाली बसून काचा वेचल्या.

आता तुम्हाला कळलंच असेल माझं लक्ष कुठे गेलं. शेवटचा शॉट राहिला होता. म्हातारा खुर्चीत बसतो, आणि त्याची मान छातीवर पडते.

मी एकदाच विषय काढला. जेवताना म्हटलं, "शेवट बदल की. म्हाताऱ्याला उठव. चहा पिऊ दे."

"का?"

"मेलाच पाहिजे का तो?"

"मरत नाही पप्पा, झोपतो."

"मान टाकून कोण झोपतं?"

"तुम्ही. रोज दुपारी," शांता मध्येच म्हणाली, आणि दोघी हसल्या.

पिक्चर पाठवायला चार दिवस राहिले होते. करुणाच्या डोळ्यांखाली काळं आलेलं. मी खरं सांगितलं असतं तर दोनच गोष्टी झाल्या असत्या. ती हसली असती, किंवा तिने खरं मानलं असतं. हसली असती तर चाललं असतं. पण खरं मानलं असतं तर तिने त्याच मिनिटाला कॅमेरा बंद केला असता, आणि अकरा वर्षं माळ्यावर गेली असती. माझ्यामुळे. तेही अशा गोष्टीसाठी, जी मी जन्मभर खोटी म्हणत आलो. तोंड उघडलं नाही.

पण एक केलं, ते आज पहिल्यांदा कबूल करतो. शॉटच्या दिवशी ती अंघोळीला गेली होती, तेव्हा वर गेलो आणि बाहुल्याच्या मानेचा स्क्रू जीव खाऊन आवळला. छत्तीस वर्षांत मी जाणूनबुजून जॉब खराब केला नव्हता. त्या दिवशी केला.

ती आली. मान वाकवायला गेली. हलेना. जोर लावला, तर मातीच्या गालावर तिच्या अंगठ्याचा खड्डा पडला. ती खाली बसली. रडली नाही, पण ओठ हलायला लागले. "पप्पा, आजच का हो... आजच का?"

मी उठलो. एलन की, स्क्रू फिरवायची किल्ली, घेतली. बाहुल्याच्या कॉलरमध्ये मागून घातली आणि पाव आटा सैल केला. माझ्याच तोंडाचा बाहुला, माझ्याच हातचा सांगाडा, आणि त्याची मान मी सैल करतोय. माझ्या मानेत गार काहीतरी उतरलं. उकाड्याचे दिवस, पंखा बंद, आणि गार.

"काढ," म्हटलं.

स्टुलावर जाऊन बसलो. सकाळी अकरा ते दुपारी चार. केसभर, फोटो. केसभर, फोटो. हनुवटी छातीला टेकली. मग दोन सेकंद नुसतं थांबायचं होतं, म्हणजे चोवीस फोटो, कशालाही न शिवता. ती कॉम्प्युटरपाशी बसून बटण दाबत होती, टेबलापासून चार हात लांब. मी डोळा न लववता बघत होतो. बाहुला हलला नाही. हे मी कुठेही शपथेवर सांगेन.

मग तिने चालवून बघितलं.

मान पडली. तेरा फोटो थांबली. आणि त्या चोवीसमधल्या शेवटच्या अकरा फोटोंत ती हळूहळू वर आली. डावीकडे वळली. कॅमेऱ्याकडे नाही. दाराकडे, जिथे स्टुलावर मी बसलेलो, तिकडे. आणि बघत राहिली.

टेबलावर बाहुल्याची हनुवटी छातीलाच टेकलेली होती.

परत एकदा चालवून बघितलं. मग करुणा म्हणाली, "पप्पा... तुम्ही उठला होतात का?"

"नाही."

"मी पुसू का हे?"

मी तिच्याकडे बघितलं. तिला ते पुसायचं नव्हतं. कलाकार माणसाचं तोंड मला कळतं, चांगला जॉब उतरला की आमचंही तसंच व्हायचं. म्हटलं, "राहू दे."

ते अकरा फोटो पिक्चरमध्ये आहेत. पिक्चर वेळेत गेला, निवडला गेला, करुणा विमानात बसून जाऊन आली. पुण्याचं पत्र फ्रिजवरून निघालं. आजही लोक तिला विचारतात, शेवटी म्हातारा जो बघतो तो कोणाकडे? ती सांगते, माहीत नाही. खरंच सांगते. डॉक्टरने माझी मान, गुडघा, हात, डोकं, सगळं तपासलं. काही निघालं नाही. एका कॅमेरावाल्याने कॅमेरा तपासला. त्यातही नाही. मला आजवर कारण सापडलेलं नाही, आणि ज्यांना सापडलं त्यांनी ते मला न पटणारंच सांगितलं. भूत मी अजूनही मानत नाही. मग काय मानतो, ते विचारू नका.

फक्त त्याच्या दुसऱ्या दिवशीची सकाळ सांगतो आणि थांबतो.

व्हरांड्यात खुर्चीवर बसलो होतो. शांताने चहा आणून ठेवला. मी हात पुढे केला, आणि माझी मान पडली. हनुवटी छातीला टेकली. सगळं ऐकू येत होतं. "अहो, परत झोपलात का? आत्ता तर उठलात." मान उचलेना. श्वास चालू होता का ते आठवत नाही. मी मनात मोजायला लागलो. एक, दोन, तीन... तेरापर्यंत मोजलं. मग मान आपोआप वर आली आणि डावीकडे वळली. डावीकडे जिना होता. वर करुणाच्या खोलीचं दार उघडं होतं.

चहा तसाच ठेवला आणि जिना चढलो. बाहुला काल होता तसा, मान टाकून. खालचे स्क्रू काढले, सदरा वर केला, कमरेचा ठोकळा उघडा केला. बारीक कानस घेतली. आणि ४१८ घासायला लागलो. आठ गेला, एक गेला, चार जरा खोल बसलेला होता, त्याला वेळ लागला. पितळेचा भुगा तळहातावर जमला.

"पप्पा, काय करताय?" करुणा दारात उभी. "आता कशाला? पिक्चर तर संपला."

माझ्या जॉबवरचा माझा नंबर मी जन्मात पहिल्यांदा पुसत होतो. नंबरवरून माणूस सापडतो, हे तिला कसं सांगणार?

"काही नाही," म्हटलं. "बर राहिली होती. ती काढतोय."