चालून दाखव

"पँट काढ," डॉक्टर म्हणला.

बदनापूरला त्याचा दवाखाना होता. दाराला पडदा, तोबी अर्धाच. बाहेर बाकड्यावर पेशंट बसलेले. आत माझा मामा खुर्चीत, पायावर पाय टाकून. मी नुकताच बी.ए. झाल्तो. पँट काढली. डॉक्टरनं टॉर्च लावून पाह्यलं, हातानं दाबून पाह्यलं. बाजारात जनावर पाह्यतात तसं. मंग मामाकडं बघून हसला.

"सामान बराबर हाय, आप्पा. लग्न लावून टाका. बाई घरात आली की सगळं जागेवर येतं."

मामा हसला. पडद्याच्या पल्याडबी कुणीतरी हसलं. मी पँट वर ओढली. बटन लागत नव्हतं, बोटं थरथरत होती. त्या बाकड्यापुढूनच बाहेर यावं लागलं.

शहाऐंशीचं साल. बाप मी लहान असतानाच गेल्ता. आई मला घेऊन भावाच्या दारी आल्ती. मामाची जमीन मोठी, गावात शब्द चालायचा. आई त्याच्या घरी गडीमाणसांच्या भाकरी थापायची. आम्ही मागच्या खोलीत राह्यचो. आम्ही त्याच्या अन्नावर हाव, हे तो दर सणाला चारचौघांत ऐकवायचा. गावातली पोरं मला बायल्या म्हणायची. मामाबी म्हणायचा, पण हसत.

दोन स्थळं मी नको म्हणलो. तिसऱ्याला आईनं खोदून इचारलं, तवा तिला खरं सांगितलं, की मला बायांची ओढ न्हाई, पुरुषांची हाय. ती घाबरली. घाबरून तिनं भावाला सांगितलं. भावानं मला दवाखान्यात नेलं.

डॉक्टरचा शब्द मिळाल्यावर मामा कशाला थांबतो. राजूरची पोरगी त्यानं मनातल्या मनात ठरवूनच टाकली. मला फकस्त इस्त्रीचे कपडे घालून जीपमधी बसायचं होतं.

पोरीचा बाप साधा माणूस. गणपतीच्या देवळाजवळ नारळ-फुलांचं दुकान. घरी ओसरीत सतरंजी टाकल्ती. आम्ही सगळे पुरुष बसलो. पोहे आले. मंग पोरगी आली, मान खाली घालून. मामानं तिला शिक्षण इचारलं, सुईत दोरा ओवायला लावला, हात पुढं करायला लावले. मंग म्हणला, "जरा दारापस्तोर चालून दाखव, बाई. पायात खोट तर न्हाई ना."

ती उठली. पदर धरलेली तिची बोटं थरथरत होती.

ती बोटं मी ओळखली. आम्हा दोघांना एकच माणूस तपासून राह्यला होता. माझं तपासून झालं होतं, आता तिचं. आणि मामा तिला जन्मभरासाठी फसवायला निघाला होता, तेबी माझ्या हातानं.

मी उभा राह्यलो. पोरीला म्हणलो.

"बसा ताई. चालू नका." मंग तिच्या बापाकडं वळलो. "काका, माझं मन पुरुषावर बसतं. बाईवर बसत न्हाई, बसणारबी न्हाई. मामांना हे माहीत हाय. तुमची पोरगी मला देऊ नका."

मंग मामानं उठून माझ्या मुस्काटात मारली. परत मारली. पोरीचा बाप मधी पडला. मामापुढं हात जोडले अन् उठा म्हणला. पोरगी आत गेल्ती. तिला काय वाटलं, मला आजबी माहीत न्हाई. तिनं माझे उपकार मानावे, असं काही मी केलं नव्हतं.

गावात आल्या आल्या मामानं आईची पेटी अंगणात फेकली. पोराला सोड, न्हाईतर घर सोड, म्हणला. आई बराच वेळ ओट्यावर बसून राह्यली. मंग पेटी उचलली. माझ्यासंगं निघाली, पण पेटी माझ्या हाती दिली न्हाई.

जुन्या जालन्यात खोली घेतली. मी कापडाच्या ठोक दुकानात लागलो, आई लोकांचे पापड लाटायची. मरेपस्तोर ती एकच म्हणत राह्यली, "लग्न केलं असतंस तर घर राह्यलं असतं." मी दरवेळी सांगायचो, आई, ते घर त्या पोरीच्या छातीवर उभं राह्यलं असतं. तिला पटलं न्हाई. मी सांगायचं सोडलं न्हाई.

दुकान होतं त्या बाजारात मला माझ्यासारखे भेटले. कुणी हमाल, कुणी दोन लेकरांचा बाप. सगळे भ्यालेले. पुढं एड्सची भीती आली, तवा दवाखान्यात यांना कुणी धड उभं करत नव्हतं. मी संगं जायला लागलो. तवा असं नातं कायद्यानं गुन्हाच होतं; पोलीस ते कलम दाखवून दम द्यायचे, म्हणून चौकीतबी जायला लागलो. एका हवालदारानं इचारलं, तुझं यांच्याशी नातं काय?

"मी यांच्यातलाच हाव," मी म्हणलो.

त्याला वाटलं होतं मी खाली बघीन. मंग त्यानंच कागद चाळायला घेतले.

हे सगळं मी लिहून काढलं. पुस्तक माझ्या नावानं निघालं, फोटोसकट. दुकानातलं काम गेलं. कुठं भाषणाला बोलावणं आलं, कुठं घरावर दगड आले. दोन्ही घेतले.

पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघायची होती, तवा मामाचा पोरगा आला. आता तो गावचा पुढारी. चहाला हात लावला न्हाई. म्हणला, झालं गेलं जाऊ दे, पण आमच्या पोरी लग्नाच्या झाल्यात, लोकं बोट दाखवतात. बाकी काही बदलू नको. पहिल्या पानावर एवढंच छाप, की हे काल्पनिक आहे.

"घडलंय ते," मी म्हणलो. "माझ्या अंगावर घडलंय."

"एक शब्द तर हाय. तुझं काय जातं?"

तो एक शब्द छापला असता तर दवाखाना खोटा. राजूर खोटं. अंगणातली पेटी खोटी. मी खोटा. मी न्हाई म्हणलो, आणि दाराशी काढलेली त्याची चप्पल दाखवली.

आवृत्ती निघाली. तो शब्द न्हाई. आता पुढचं पुस्तक लिहून राह्यलो. त्यात हा पुढारीबी येणार. मला खोटं म्हणायचं असंल त्यानं माझ्या तोंडावर येऊन म्हणावं. मी जालन्यातच हाव. इथून हलणार न्हाई.