धोंड्याच्या महिन्याच्या वह्या

तांडेलांना तारीख विचारणे हा मूर्खपणा होता आणि मी तो दोन वर्षे न चुकता केला. माझ्या कचेरीच्या छापील फॉर्मवर पहिलाच रकाना तारखेचा. मी पेन उघडून विचारायचो, "आज किती तारीख?" ते समुद्राकडे बघत म्हणायचे, "दशमी." मी म्हणायचो, "दशमी नको, तारीख." मग ते माझ्याकडे अशा दयेने बघत, की फॉर्म फाडून टाकावासा वाटे. "दर्यो तारीख वळखणा नाय," हे त्यांचे ठरलेले उत्तर. ते खोटे नव्हते, म्हणून जास्तच राग यायचा.

मी तेव्हा नुकताच बी.एस्सी. होऊन मालवणला, मासळीच्या संशोधनाच्या एका लहानशा कचेरीत लागलो होतो. अजून कायम झालो नव्हतो. कचेरी म्हणजे दोन खोल्या, काही बरण्या आणि समुद्रशास्त्रावरचे एक जाडजूड इंग्रजी पुस्तक. मुंबईचे एक मोठे शास्त्रज्ञ पश्चिम किनाऱ्याच्या समुद्रावर ग्रंथ लिहीत होते. किनाऱ्यावरच्या पाण्याच्या जुन्या नोंदी कुणाकडे असतील तर धाडाव्यात, असे त्यांचे पत्र आले आणि साऱ्या बंदराने एकाच घराकडे बोट दाखवले.

तांडेल म्हणजे पडावाचा, शिडाच्या मोठ्या होडीचा, कप्तान. यांचा पडाव कधीच गेला होता, एक पाय अधू झाला होता, पण हुद्दा नावाला चिकटून राहिला होता. आगबोटीवरच्या कुणा साहेबाने दिलेला पितळी घराचा थर्मामीटर त्यांच्याकडे होता. रोज उजाडताना एका ठरावीक खडकावरून ते काथ्याच्या दोरीने बालदी सोडत, पाणी वर घेत, थर्मामीटर बुडवून दीडशे अंक मोजत आणि वहीत लिहीत. वारा, पाण्याचा रंग, कोणती मासळी लागली, सगळे. अशी सलग बारा वर्षे. मधे एकदा घरी सून बाळंत होत होती, तेव्हाही ते खडकावरच होते, हे त्यांची बायको मला चहा देताना दर वेळी ऐकवी.

दीडशे अंक मोजताना बोललेले त्यांना चालत नसे. मी बोललो की ते पाणी ओतून देत आणि नवी बालदी सोडत. एकदा मी तीन वेळा बोललो. तिसऱ्यांदा ते म्हणाले, "काय रे सायबा, धामापूरच्या तळ्याक भरती येता?" मी धामापूरचा. तळ्याकाठी वाढलो, समुद्र शिकलो तो पुस्तकात. त्यांना हे पहिल्या दिवशी कळले होते आणि शेवटच्या दिवसापर्यंत ते त्यांना पुरले. मीही हट्टाने त्यांच्याशी शुद्ध पुस्तकी मराठीत बोलायचो. घरी आईशी मालवणी बोलणारा मी त्यांच्यापुढे मात्र साहेब व्हायचो. याचीही आता लाज वाटते.

कचेरीतले ते जाडे पुस्तक त्यांना फार आवडे आणि त्याच्याशी त्यांचे रोज भांडण. मी एकेक परिच्छेद मराठीत सांगायचा, त्यांनी नाक मुरडायचे. "पुस्तक लिवणाऱ्यान हात खंयच्या दर्यात घातल्यान?" असे विचारायचे. एकदाच त्यांनी नाक मुरडले नाही. पावसाळ्यात वारा वरचे पाणी किनाऱ्यापासून बाहेर ढकलतो आणि तळाचे थंड पाणी वर येते, असा तो भाग होता. तो त्यांनी माझ्याकडून दोनदा वाचून घेतला. मग घरी नेऊन स्वतःच्या वह्या उघडून दाखवल्या. दर वर्षी साधारण त्याच सुमाराला पाणी एकाएकी गार पडलेले, तळची मासळी सुस्तावून काठाला आलेली. वहीत त्यांनी लिहिले होते, "दर्यान कूस बदलली." बारा वर्षांत बारा वेळा. कोणत्या वर्षी लवकर, कोणत्या वर्षी उशिरा, हे त्या वेळी आमच्या कोणत्याही पुस्तकात नव्हते. ते या म्हाताऱ्याच्या पत्र्याच्या पेटीत होते.

मग त्यांनी पुस्तकातला नकाशा मागितला आणि त्यावर मालवण शोधायला लावले. नव्हते. बोट किनाऱ्यावरून खाली नेत ते म्हणाले, "मुंबई झाली, मगे एकदम कोची. मदी दर्यो आटलो काय रे?" मी सांगितले की मुंबईच्या साहेबांच्या ग्रंथात तुमच्या नोंदी आल्या तर मालवण येईल, तुमचे नावही येईल. त्यावर ते म्हणाले, "माजा नाव नको. मालवणचा नाव येवंदे." त्या दिवसापासून त्यांना दुसरे काही सुचेना. रोज विचारणा. कागद गेले का? साहेब काय म्हणाला? कागद मी केलेच नव्हते, कारण सगळ्या नोंदींवर तिथ्या होत्या आणि साहेबांना हव्या होत्या तारखा.

वह्या ताब्यात देण्याचा दिवस मी विसरणार नाही. सकाळी गेलो तो दुपारी सुटलो. वही कशी धरायची, पान कसे उलटायचे, कोणती शाई पुसते, कोणत्या सालचे पंचांग कोणत्या वहीबरोबर ठेवायचे, सूत कसे बांधायचे. पंचांगे मी नको म्हणालो, ओझे होते. बारा वर्षांच्या बारा वह्या बांधून झाल्यावर त्यांनी देवाच्या फळीवरून चार पातळ वह्या काढल्या. अधिक महिना, ज्याला आपण धोंड्याचा महिना म्हणतो, त्यात चालू वहीला हात लावायचा नाही, अशी त्यांच्या आईची शिकवण. म्हणून ज्या साली धोंडा येई त्या साली तेवढ्या महिन्याची नोंद वेगळ्या वहीत. "ह्यो पण घेवन जा," ते म्हणाले. "त्यो भायर ऱ्हवल्यो तर वरीस जुळाचा नाय." सकाळपासून त्यांनी मला चाळीसएक गोष्टी बजावल्या होत्या. ही त्यातली शेवटची. मी हो हो म्हटले, वहाणा घातल्या आणि त्या चार वह्या ओसरीच्या बाकावर ठेवून निघालो. नंतर नेऊ, असे मनात म्हटले. खरे तर त्या घरातून फक्त बाहेर पडायचे होते.

कचेरीत सुट्ट्यांच्या जुन्या याद्या होत्या. त्यातून दर वर्षीच्या पाडव्याची तारीख घेतली आणि तिथून पुढे एकेक दिवस मोजत तारखा लावल्या. चार वर्षांत फाल्गुन संपताना महिनाभराची नोंद कमी पडली. म्हातारा आजारी पडला असेल, किंवा कंटाळला असेल, असे मी धरून चाललो. जो माणूस सून बाळंत होत असताना खडकावर होता, तो कंटाळला असेल असे मला वाटले. त्याच याद्यांत पाडव्याच्या खाली दिवाळीही होती. एकदा नजर खाली नेली असती तर माझ्या तारखा तिच्याशी जुळत नाहीत हे कळले असते. विचारायला जाणे तर पाच मिनिटांचे काम होते. पण विचारायला गेलो तर दुपार जाईल, या भीतीने गेलो नाही. तक्ता केला, खाली सही केली, वह्यांसकट मुंबईला धाडून दिला.

उत्तर सभ्य होते. नोंदी चिकाटीच्या आहेत, पण भरवशाच्या नाहीत. चार वर्षांत पाणी इतर ठिकाणांपेक्षा महिनाभर आधी गार पडलेले दिसते. एका वर्षी तर जुलैअखेर, ऐन तुफानात, नारळ देऊन होड्या सोडल्याचे लिहिले आहे. घरी बसून आठवणीने लिहिलेले असावे. ग्रंथात वापरता येणार नाही. सोबत वह्या परत.

मी वह्या तांडेलांना परत नेऊन दिल्या आणि हे वाचून दाखवले. तक्ताही दाखवला. "मी खंय चुकलंय?" त्यांनी विचारले. मी जुलैची ओळ वाचली. ते बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजू लागले. मोजता मोजता थांबले आणि माझ्याकडे बघितले. मग "बरा" एवढेच म्हणाले. मला वाटले, चूक पटली. मनातून थोडे बरेही वाटले, हे कबूल करतो. दोन वर्षांत पहिल्यांदाच त्यांनी वाद घातला नव्हता.

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी लिहिणे बंद केले. बालदी सोडत, दीडशे अंक मोजत, थर्मामीटर बघत आणि पाणी पुन्हा समुद्रात ओतत. लिहीत का नाही, म्हणून मी चिडून विचारले, तर म्हणाले, "लिवतंय मगे. आदी मागचा जुळांदे." मला ते म्हातारपणाचे खूळ वाटले.

जेठात धोंडा आला. मी घरी धामापूरला गेलो होतो. बहिणीचा नवरा वाण घ्यायला आला होता आणि आई त्याच्यापुढे तेहतीस अनारसे मोजून ठेवत होती. जावयाला चिडवणे चालले होते, की वर्षात एक महिना जास्त मिळाला तो सासऱ्याकडेच काढणार वाटते. मी हसत होतो. हसता हसता मीही बोटांवर महिने मोजू लागलो. मोजायला कागदही लागला नाही. फाल्गुनाअखेर कमी पडलेला महिना कोणता, तो त्या बाकावर कुणी ठेवला, त्यापुढच्या साऱ्या तारखा महिनाभर आधी कशा सरकल्या, सगळे तिथेच कळले.

त्याच आठवड्यात मी खडकावर गेलो. सांगायचेच म्हणून गेलो होतो. पण तक्त्याखाली माझी सही होती आणि कायम होण्याचा हुकूम आमच्या कचेरीच्या साहेबांच्या टेबलावर होता. मी हवापाण्याचे बोललो आणि परत आलो. असा चार-पाच वेळा गेलो आणि आलो. हुकूम आला, त्याच्याबरोबर बदलीही आली.

निघायच्या दिवशी तांडेल एस.टी. स्टँडवर आले. पाय ओढत, काखेत फडक्यात काहीतरी गुंडाळलेले. गाडी सुरू झाल्यावर त्यांनी ते खिडकीतून माझ्या मांडीवर टाकले. त्या चार वह्या होत्या.

"मोठ्यो वह्यो घराकडे आसत," ते म्हणाले. "येशीत तेवा जोडून घे."

पुस्तकी मराठी माझ्या तोंडातून निघालीच नाही. "तुमका कधी कळला?"

"तू जुलै वाचलंस तेवाच."

"मगे माका सांगूक कित्याक नाय?"

"तू सांगशीत म्हणान वाट बघी होतंय."

गाडी हलली. मी दिवाळीत येतो म्हणालो. त्यांनी हात हलवला, तोही आशीर्वादाचा नव्हे, नीट बस म्हणून दटावण्याचा.

दिवाळीत गेलो नाही. आधी मुंबईच्या साहेबांना खरे लिहावे, मग तोंड घेऊन जावे, असे ठरवले, आणि ते पत्र लिहायला मला तीन वर्षे लागली. तोवर ग्रंथ छापून झाला होता. साहेबांनी मोठ्या मनाने कळवले, की वह्या पुन्हा पाठवा, पुढच्या आवृत्तीत बघू. मी पहिल्या गाडीने मालवणला गेलो. तांडेल आदल्या शिमग्यात वारले होते. घरात मुंबईहून आलेला मुलगा होता. कौले उतरवून घर शाकारताना पेटी भिजली, वह्यांचा लगदा झाला, तो टाकून दिला, असे त्याने सांगितले. तो भला माणूस. त्याला काय ठाऊक असणार.

आजही मला तांडेलांचा रागच येतो. एक शब्द बोलायचा होता. चाळीस गोष्टी बजावणाऱ्या माणसाला ते पत्र वाचले त्या दिवशी एकेचाळिसावी बजावता आली नाही? मग आठवते, की ती त्यांनी आधीच बजावली होती आणि मी वहाणा घालत होतो.

त्या चार वह्या माझ्या टेबलाच्या खणात आहेत. साहेबांच्या ग्रंथाच्या दोन आवृत्त्या निघाल्या. त्यातल्याही नकाशात मुंबईनंतर अजून एकदम कोचीच येते. बारा वर्षांच्या समुद्रातले आता फक्त चार महिने उरले आहेत, आणि ते नेमके मी बाकावर ठेवून आलेले.