लांबमान्याचं अंडं

अण्णाला मी शेवटची भेटले ती दिवाळीनंतर. निघताना त्याच्या पाया पडले, दारापर्यंत गेले आणि उंबऱ्याशी थांबले, कारण तो आता काय म्हणणार हे मला ठाऊक होतं. खाटेवर उशीला टेकून बसलेल्या माझ्या थोरल्या भावानं दम घेतला, हात जरासा उचलला आणि म्हणाला, "उलटीकडनं बघ गं, कमळे…" मी म्हटलं, "बघते, बघते. तू आधी औषध घे." एवढंच आमचं शेवटचं बोलणं. पौषात भाच्याचा फोन आला, "आत्या, अण्णा गेले." मी ज्वारी पाखडत होते. फोन ठेवला आणि सगळी ज्वारी पाखडून मगच उठले. माणसाला काय करावं ते सुचलं नाही की तो हातातलं काम पुरं करतो, दुसरं काय.

माझं लग्न झाल्यापासून दर निरोपाला अण्णा हे एक वाक्य म्हणायचा. माझ्या सुनेला वाटायचं, आमच्यात निरोप द्यायची ही काहीतरी जुनी रीत असेल. रीतबीत काही नव्हती. ते एका सिनेमावरून आलेलं वाक्य होतं, पण सिनेमातलं नव्हे. आता महिना होऊन गेला आहे, हे सांगायला दुसरं कुणी उरलेलं नाही, तेव्हा मीच सांगते.

तेव्हा आमच्याकडं निजामाचं राज्य होतं. येडशीजवळच्या एका लहान गावात आमच्या वडिलांचं, आप्पांचं, किराणा दुकान होतं. चैत्रात येरमाळ्याच्या येडेश्वरीच्या यात्रेला आम्ही बैलगाडीनं जायचो. एका वर्षी यात्रेत सिनेमाचा तंबू आला. मी सात वर्षांची, अण्णा बारा. तंबूत मधोमध पांढरा पडदा टांगलेला. त्याच्या पुढं पुरुष आणि मागं बायका. खेळ सुरू होण्याआधी दोन माणसं पडद्यावर बादल्यांनी पाणी मारत, म्हणजे ओल्या कापडातून चित्र मागच्या बाजूलाही उमटायचं. आम्हा बायकांना ते उलटं दिसायचं. सगळी माणसं डावखुरी, सगळी अक्षरं उफराटी. पण अक्षरं इंग्रजी. ती सुलटी असती तरी आमच्यातल्या एकीलाही वाचता येणार नव्हती, त्यामुळं तक्रार कुणाचीच नव्हती. गोष्ट समजावून सांगायला एक माणूस हातात काठी घेऊन उभा असे, तोही पुरुषांच्या बाजूला. आमच्या बाजूला होतं विजेचं इंजिन. त्याच्या धडधडीत त्या बिचाऱ्याचा एक शब्द ऐकू येईल तर शपथ.

ऐकायची गरजही नव्हती म्हणा. चित्रात एक बहीण, एक भाऊ आणि त्यांचे टोपीवाले वडील एका भयंकर जंगलात वाट चुकतात. मुलांना कलिंगडाएवढं अंडं सापडतं. ती दोघं ते शेकोटीच्या राखेत उबवतात, आणि त्यातून लांब मानेचं, चार पायांचं पिल्लू बाहेर येतं. माझ्या मागच्या म्हातारीनं "आगं बया, घोरपड!" म्हणून हात जोडले. पिल्लू मुलांच्या मागं मागं हिंडतं, बघता बघता झाडाएवढं होतं, मानेवर बसवून मुलांना नदीपार नेतं, मोठ्या दातांच्या एका अक्राळविक्राळ जनावराशी झुंजतं. आज कळतं की ते चाळणीतून पीठ पडावं तसं थांबत थांबत हलत होतं, बहुतेक मातीचं बाहुलंच असावं. पण मला त्याच्या अंगाची ऊब लागत होती. आणि शेवटी… शेवटी मुलांना न्यायला जहाज येतं. ते जनावर काठावर उभं राहतं, मुलांकडं बघतं, पाठ फिरवतं आणि धुक्यात चालत जातं. लहान होत होत दिसेनासं होतं. पडदा पांढरा झाला.

मी जो गळा काढला तो गाडीत बसेपर्यंत. आईनं दशमी पुढं केली, मी ती भिरकावली. आप्पांनी दटावलं, रेवडी दिली, काही उपयोग नाही. तेव्हा अण्णा माझ्याजवळ सरकला आणि अगदी मोठ्या माणसासारखा म्हणाला, "येडी का खुळी तू? तू कुठं बसली हुतीस?"

"आईजवळ."

"पडद्याच्या मागंच ना? तिकडं समदं उलटं दिसतंय. तुला जाताना दिसला, आमाला येताना दिसला. लांबमान्या परत आला, कमळे. म्या डोळ्यानं बघितला."

मी आप्पांकडं पाहिलं. तेही पडद्याच्या पुढंच बसले होते. आप्पांनी कासरा हातात घेतला आणि मिशीतल्या मिशीत म्हणाले, "व्हय गं. आला की परत." मग मी दशमी खाल्ली. लांबमान्या हे नाव अण्णानं त्या गाडीत, तिथल्या तिथं ठेवलं होतं.

पुढच्या वर्षी दिवस फिरले. रझाकारांची धामधूम सुरू झाली. आप्पा दुकानातून गुळाच्या ढेपेबरोबर निजामाविरुद्ध लढणाऱ्या कुणाकुणाचे निरोप पोचवायचे, त्याची कुणीतरी चुगली केली. एका दुपारी आप्पा कडब्याच्या गाडीतून बार्शीकडं, हद्दीपलीकडं निजामाचा अंमल नसलेल्या मुलखात निघाले. आम्ही दोघं वेशीशी उभे होतो. रडायचं नाही, हाक मारायची नाही, अशी आईची ताकीद होती. गाडी वळणाला लागली तशी मी धावायला निघाले. अण्णानं माझा दंड इतका घट्ट धरला की दोन दिवस वळ राहिला. कानाशी येऊन म्हणाला, "उलटीकडनं बघ. हितनं जाताना दिसत्यात. तिकडच्या मानसास्नी आप्पा येतानाच दिसत्यात." मी रस्त्याच्या त्या टोकाला उभी राहून बघायचा प्रयत्न केला, डोळे मिटून. आणि खरंच, मला आप्पा येताना दिसले. त्या बारा-तेरा वर्षांच्या पोराला स्वतःला काय दिसलं असेल, हे मी त्याला कधी विचारलं नाही. विचारायला हवं होतं.

महिने गेले, पत्र नाही, निरोप नाही. आई सोमवार धरायला लागली, एरवी गप्प. मी दोन घास खाऊन उठायची. एकदा अण्णा दिवसभर कुठं दिसला नाही आणि दिवेलागणीला पाय फोडून घेऊन आला. जवळच्या रामलिंग महादेवाच्या रानातल्या ओढ्यातून त्यानं सदऱ्यात गुंडाळून एक दगड आणला होता. गुळगुळीत, गोल, नारळाएवढा. "लांबमान्याचं अंडं हाय," तो कुजबुजला. "राखंत ठिवायचं. ह्यातनं पिल्लू निघायला आन् आप्पा यायला एकच गाठ." आम्ही ते चुलीमागच्या राखेत पुरलं. रोज मी आणि अण्णा पाळीपाळीनं त्याला कान लावून ऐकायचो. अण्णा म्हणायचा, "हालतंय." मलाही हालल्यासारखं वाटायचं.

आणि एका सोमवारी आईनं राख काढायला घेतली. आम्ही लिंगायत, राख म्हणजे आमच्या घरी विभूतीच. त्या राखेतून गोल, काळाभोर, अंगभर भस्म माखलेला दगड वर आला. आईनं दोन्ही हात जोडले. "कुठनं आला ह्यो?" तिनं विचारलं. अण्णाच्या तोंडून खरं तेवढं निघून गेलं, "रामलिंगाकडनं." झालं! आईनं दगड पदरात घेतला, धुतला, बेल वाहिला आणि देव्हाऱ्यात ठेवला. कितीतरी महिन्यांनी तिच्या तोंडावर तेज आलं. शेजारच्या बाया दर्शनाला आल्या. आता त्या आईला 'ते घोरपडीचं अंडं आहे' असं सांगायची छाती कुणाची होती? पाया पडताना आम्हा दोघांना हसू आवरायचं नाही. आईला वाटायचं, पोरांना भक्तीचं भरतं आलंय.

निजामी संपली आणि त्यानंतर काही दिवसांनी आप्पा आले. पायी, दाढी वाढलेली, खांद्यावर घोंगडं. वेशीतून येताना मीच त्यांना सगळ्यांत आधी पाहिलं आणि मोठ्यानं भोकाड पसरलं. आप्पा घाबरले, "आगं, म्या हाय, तुजा आप्पा!" मी रडत रडत सांगितलं, "तुम्ही येताना दिसताय… म्हंजी उलटीकडनं जाताय!" आप्पांनी अण्णाकडं पाहिलं. अण्णा खाली मान घालून अंगठ्यानं माती उकरत होता. आप्पांनी मला उचललं आणि घरापर्यंत खाली ठेवलं नाही. आईनं त्या दिवशी अंड्याला पुरणपोळीचा नैवेद्य दाखवला.

तेरा-चौदा वर्षांची झाल्यावर एकदा मी एक कागद दिव्यासमोर धरून मागून पाहिला आणि माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. कागद उलटा केला तर डावं उजवं होतं. जाणारा येत नाही. मी तशीच दुकानात गेले आणि गिऱ्हाइकांसमोर अण्णाला झाडलं, "फसवलंस मला! लांबमान्या गेलाच हुता!" अण्णानं मापातली डाळ हळूच पुडीत ओतली, दोरा गुंडाळला आणि म्हणाला, "गेलाच हुता. पर तू दशमी खाल्ली का न्हाय?" मी आठ दिवस त्याच्याशी बोलले नाही. माझ्या रागाला तसा मानच नव्हता त्या घरात. मग माझं लग्न झालं, लातूरकडं निघाले, मोटारीची धूळ उडाली आणि त्या धुळीतून हा पळत पळत ओरडतोय, "उलटीकडनं बघ गं, कमळे!" मला राग यावा की रडू, ते काही ठरेना. हसूच आलं.

आप्पांमागं दुकान अण्णानं चालवलं. त्याच्या फळीवर संध्याकाळी पोरांचा घोळका असायचा, लांबमान्याची गोष्ट ऐकायला. त्या गोष्टीत लांबमान्या दर वेळी परत यायचा, कधी येडशीच्या स्टेशनात गाडीच्या मागं धावत, कधी यात्रेत पाळण्याशेजारी मान वर करून. पुढं नातवंडांनी टीव्हीवर रंगीत डायनोसॉर दाखवले, तेव्हा मीही तिथं होते. पोरं ओरडत होती, "आजोबा, खरे वाटतात ना?" अण्णानं थोडा वेळ पाहिलं, काठी घेऊन उठला आणि टीव्हीच्या मागं जाऊन वाकून बघितलं. "मागनं काय दिसत न्हाय," तो निराश होऊन म्हणाला. पोरं खो-खो हसली. आम्ही दोघं नाही हसलो.

आमच्यात माणसाला बसवून पुरतात. अण्णाला नेलं त्या दिवशी मीही गेले. बायकांनी यावं की नाही यावर जरा कुजबुज झाली, पण माझ्याशी वाद घालायला गावात आता माझ्या वयाचं कुणी नाही. पुरुष पुढं उभे राहिले. भाचा म्हणाला, "आत्या, तुम्ही मागं बसा." मी मागं बसले आणि मला खड्ड्यात मांडी घालून बसलेल्या अण्णाची फक्त पाठ दिसायला लागली. पाठ. पुन्हा मागंच बसवलं होतं मला, पुन्हा जाणाराच दिसत होता. मी उठले. काठी टेकत, माणसं बाजूला सारत, पुढच्या बाजूला गेले. कपाळाला विभूती लावलेला अण्णा माझ्याकडं तोंड करून बसला होता. आयुष्यात पहिल्यांदा मी पडद्यापुढून पाहत होते. मी मूठभर माती आणि बेलाचं पान टाकलं. तो मला खूप आवडायचा, हे मी त्याला कधी म्हटलं नव्हतं, ते तिथं सगळ्यांदेखत म्हटलं.

परत निघायच्या आदल्या दिवशी अण्णाची सून देव्हारा पुसत होती. पंचाहत्तर वर्षांच्या तेलापाण्यानं तो दगड आरशासारखा झाला आहे. ती म्हणाली, "आत्या, सासरे म्हणायचे, ह्या लिंगावर तुमचा हक्क हाय. नेता का?" मी ते अंडं दोन्ही हातांत घेतलं. मग काय वाटलं कुणास ठाऊक, चुलीतली चिमूटभर राख त्याला लावली आणि कानाशी धरलं… डोळे मिटून.

सून हातातलं फडकं तसंच धरून उभी होती. "आत्या, काय ऐकताय?"

"थांब जरा," मी म्हटलं, "हालतंय."