‘xaxkckbZ’ म्हणजे कोण?

स्क्रीनवर पुन्हा तेच आलं. xaxkckbZ. रिझल्ट शून्य.

पर्वस्नानाचा दिवस. उज्जैनमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती, आणि मी फ्रीगंजच्या ऑफिसात स्क्रीनकडे डोळे लावून बसले होते. गर्दीत हरवलेल्या माणसांसाठी आमच्या कंपनीने वेबसाइट केली होती. कोणी सापडलं की जवळच्या बूथवर त्याचं नाव नोंदवायचं. घरचे दुसऱ्या कुठल्याही बूथवर आले तरी तिथला ऑपरेटर ते नाव शोधू शकतो. शोधायला जे टाइप करतात, त्याला आम्ही क्वेरी म्हणतो. म्हणजे प्रत्येक क्वेरीमागे काउंटरपाशी कोणीतरी रडवेलं होऊन उभं असतं.

"पागे सर, हे बघा ना. नानाखेड्याच्या बस स्टँडवरच्या बूथवरून सारखं हेच येतंय."

"कचरा आहे गं. कोणीतरी टाइमपास करून राहिलं असेल. फिल्टर लाव आणि सोड."

मला सोडवेना. की-बोर्डवर उगाच बोटं आपटली तर दरवेळी वेगळंच काहीतरी उमटतं. इथे तर शेवटचा Z सुद्धा जागच्या जागी, तोही कॅपिटल! मी त्याच बूथच्या बाकीच्या शून्य रिझल्टवाल्या क्वेरी काढल्या. त्यात एक होती lhrkckbZ. शेपूट तेच! मग सापडलेल्या बायकांची नावं उघडली. सीताबाई, शांताबाई, गंगाबाई. यांचं शेपूट काय? बाई!

मी खुर्चीतून उठलेच. जुना हिंदी फॉन्ट! सरकारी कचेऱ्यांत वर्षानुवर्षं त्यावरच टायपिंग चालतं. त्यात कॉम्प्युटरच्या पोटात इंग्रजी अक्षरंच जातात, वरून फॉन्ट चढवला की हिंदी दिसतं. फॉन्ट नसेल तर असली गिचमीड. ती अक्षरं वर्डमध्ये टाकली, फॉन्ट बदलला आणि समोर आलं: गंगाबाई. मी अशी ओरडले की सरांच्या पोह्यांचा चमचा खाली पडला.

राम घाटाच्या बूथवर एक गंगाबाई बसून होत्या. मुलाचा नंबर त्यांना पाठ नव्हता. मी नानाखेड्याला फोन लावला. तिथे ऑपरेटर होते शर्माजी, कचेरीतले रिटायर्ड टायपिस्ट.

"शर्माजी, गंगाबाई को कौन ढूँढ रहा है?"

"उनका लड़का, मॅडम. कितनी बार पूछ गया बेचारा. अभी बस पकड़ने गया है. बोला, शायद माँ गाँव पहुँच गई हो."

"रोको उसको! माँ राम घाट पे बैठी है!"

पलीकडे शर्माजींनी फोन टेबलावर टाकला आणि ते धावले. नुसता बस स्टँडचा गोंगाट ऐकू येत होता आणि माझा जीव टांगणीला लागला होता. अखेर धापा टाकणारा आवाज आला, "मिल गई? सच में? हाथ पे मोर का गोदना है?"

सरांनी दुसऱ्या फोनवरून राम घाटाला विचारलं आणि तेच ओरडले, "है, है! मोर है!"

पलीकडे तो बाप्या माणूस हमसून हमसून रडायला लागला. इकडे माझेही डोळे वाहत होते आणि मी हसतही होते.

नंतर शर्माजींना विचारलं, "स्क्रीन पे अंग्रेज़ी दिख रही थी, डाउट नहीं आया?"

"फॉन्ट तो बाद में लगता है ना, मॅडम. मैंने सोचा, आपके यहाँ लगाते होंगे."

आम्ही लगेच सोय केली: रिझल्ट शून्य आला, तर क्वेरी जुन्या फॉन्टची समजून पुन्हा शोधायची. थोड्याच वेळात lhrkckbZ, म्हणजेच सीताबाई, त्याही घरच्यांना मिळाल्या.

तेव्हापासून मी एक नियम पाळते. तीच चूक कोणी पुन्हा पुन्हा अगदी तशीच करत असेल, तर ती त्याची जन्माची सवय समजावी. अशा माणसाला एरर मेसेज दाखवून उपयोग नाही. सरळ फोन करावा.